मंडल्याची बदली

हिंगणघाट, ता. १८ जानेवारी १९५४

चि. माधव यास अनेक आशीर्वाद.

आज सोमवार. सकाळी सात वाजता शेटच्या कापसाच्या जिनात गेलो. एकवीस वजने तपासली. वीस बरोबर होती. पाच शेराचे एक वजन दीड छटाकाने कमी भरले, ते जप्त करून पावती दिली. साडेअकराला कचेरीत आलो. बंडूजी शिपायाने हॉटेलातून पोळी-भाजी आणली. दोन वाजता टपाल आले. त्यात माझ्या बदलीचा हुकूम होता. वजनमापे कचेरी, मंडला. १५ फेब्रुवारीपर्यंत हजर व्हायचे आहे. चार वाजता चहा घेतला. पाच वाजता घरी आलो.

तुझ्या ताईला जाऊन परवा चार महिने झाले. तिची मोठी पेटी आणि पितळेची भांडी तुझ्याकडे ठेवता येतील काय, ते कळव. मंडल्याला एवढे नेणे जमणार नाही.

दुसरे एक विचारायचे आहे. तू वकिलांकडे मुनशी आहेस म्हणून विचारतो. असा हुकूम नाकारण्याची काही सोय असते काय? नसल्यास हरकत नाही.

मंडला वाईट असेल असे नाही. परंतु येथे सर्वांना ठाऊक आहे. चार महिन्यांत मला कोणी काही विचारले नाही आणि मला कोणाला काही सांगावे लागले नाही. नव्या गावात घर भाड्याने घेताना पहिला प्रश्न हाच असतो की मंडळी केव्हा येणार. त्याचे उत्तर मला देता येईल असे वाटत नाही.

कळावे.

कृष्णकांत


नागपूर, महाल, ता. २० जानेवारी १९५४

ती. भाऊजींस माधवचा सा. न. वि. वि.

पत्र पोचलं. पेटीचं आणि भांड्यांचं नाव काढू नका. पेटी कुठं जात नाही, भांडी कुठं जात नाहीत आणि तुम्हीही कुठं जात नाही.

माझ्या मुंजीपासून तुम्हाला पाहतो आहे. एवढ्या वर्षांत तुम्ही माझ्याकडे काही मागितलं ते आज पहिल्यांदा. पत्र वाचलं आणि तडक धंतोलीला प्रभाकरराव वकिलांच्या घरी गेलो. ते जेवत होते. मी ताटासमोर उभा राहून वाचून दाखवलं. म्हणाले, "मुनशी, मले भात त खाऊ दे." मी म्हटलं, खा, पण ऐकत खा.

माझं मत असं की हे त्या जिनवाल्या शेटचं काम आहे. सकाळी तुम्ही त्याचं वजन पकडलं, दुपारी तुमची बदली. वकील म्हणाले, अरे, नागपूरचा हुकूम हिंगणघाटला पोचायला दोन दिवस लागतात. मी म्हटलं, मग शेटला दोन दिवस आधीच माहीत असणार की आपलं वजन कमी आहे. यावर त्यांनी आणखी भात मागितला.

पण खरी गोष्ट पुढं आहे. तुमच्या १९३५ च्या नेमणुकीचा कागद घेऊन या. वकिलांना आठवतं की तुमच्या खात्यातले दुय्यम निरीक्षक एका जिल्ह्यापुरते नेमलेले असतात. त्यांनी स्वतः मागितल्याशिवाय जिल्ह्याबाहेर बदली करता येत नाही. तसं असेल तर आपण हायकोर्टात जाऊ. नवी घटना आल्यापासून साध्या माणसालाही सरकारविरुद्ध थेट हायकोर्टात उभं राहता येतं. चार वर्षं झाली, पण आमच्या वकिलांकडे अजून असा एकही आला नव्हता. ते आनंदात आहेत. तुमच्याकडून फी घेणार नाहीत, फक्त तुमच्या खटल्यासाठी नवा कोट शिवणार आहेत.

एवढंच सांगा. तुम्ही बदलीसाठी कधी अर्ज केला होता का? एखादा, चुकून, रागाच्या भरात? सगळं त्यावर आहे.

शनिवारी या. आईने तुमच्यासाठी पातोडीची भाजी ठरवली आहे.

आपला,
माधव


हिंगणघाट, ता. २७ जानेवारी १९५४

चि. माधव यास अनेक आशीर्वाद.

रविवारी रात्रीच्या गाडीने सुखरूप पोचलो. पातोडी दोन दिवस पुरली.

प्रतिज्ञापत्रावर सही करायला मी पाऊण तास लावला याबद्दल वकीलसाहेबांची माझ्या वतीने क्षमा माग. तीनदा वाचल्याशिवाय मी सही करत नाही, हे माझ्या कचेरीत सर्वांना माहीत आहे. बंडूजी लोकांना सांगतो की सबानेसाहेब चहाचा कपही दोन्हीकडून वाचून पितात. शेटचा मजकूर मी खोडला, कारण पुरावा नाही. त्यांनी दुसऱ्याच दिवशी नवे वजन आणून दाखवले आणि वर मला ऊस पाठवला. ऊस परत केला.

चौथा परिच्छेद मात्र तू लिहिलास तसाच ठेवला. 'एकोणीस वर्षांच्या नोकरीत मी बदलीसाठी एकही अर्ज केलेला नाही.' हे वाक्य मी चार वेळा वाचले. ते बरोबर आहे. तुझ्या प्रश्नाचे उत्तर तेच.

येथे एक अडचण झाली आहे. गावातील व्यापाऱ्यांनी माझा निरोप समारंभ १२ फेब्रुवारीला ठरवला आहे. मी हायकोर्टात गेलो आहे, हे त्यांना सांगितले. अध्यक्ष म्हणाले, "तुम्ही कोर्टात जा ना साहेब, कोन नाई म्हनते? पन फोटोवाल्याले सांगून ठेवलं हाय." माझ्या जाण्याने त्यांना दुःख होत आहे असे ते सर्व म्हणतात, परंतु वर्गणी एका दिवसात जमली.

कळावे.

कृष्णकांत


तार. नागपूर, १२ फेब्रुवारी १९५४, दुपारी ३-४०

स्थगिती मिळाली. हलू नका. माधव


हिंगणघाट, ता. १५ फेब्रुवारी १९५४

चि. माधव यास अनेक आशीर्वाद.

तुझी तार समारंभात मिळाली. तीन भाषणे झाली होती. माझ्या अंगावर शाल होती, हातात नारळ होता आणि चौथे वक्ते माझ्या करड्या पण प्रेमळ स्वभावाबद्दल बोलत होते. बंडूजी मधल्या वाटेने तार उंच धरून आला. तार पाहून बायका पदर सावरून उभ्या राहिल्या. मी वाचली आणि अध्यक्षांकडे दिली. त्यांनी ती मोठ्याने वाचली.

टाळ्या वाजवाव्यात की नाही, हे पहिल्या रांगेला कळले नाही. मागे बसलेल्या हमालांनी वाजवल्या. चौथ्या वक्त्यांनी विचारले, "मंग मी पुढं बोलू का बसू?" अध्यक्ष म्हणाले, "आता शाल त देल्ली." कोणी म्हणाले, "राहू द्या अंगावर, थंडी हाय." फोटोवाला पुढे आला आणि म्हणाला, "पाटीवर निरोप समारंभ लिवलं हाय. पुसू का ठेवू, ते एकदा सांगा." शेवटी पाटी उलटी धरून फोटो काढला. तो शेट माझ्या शेजारी उभा होता. तो हसत होता, परंतु फोटोत तसे दिसेल असे वाटत नाही.

जिलेबी सर्वांना पुरली.

आम्ही बाहेर पडलो तोच स्टेशनाकडून टांगा आला. त्यातून माझ्या जागेवर नेमलेले तानबाजी झाडे उतरले. ते मंडल्याहून आले आहेत. सोबत पत्नी मंदाबाई, चार मुले, गाद्या आणि दोन पिंजरे. एकात पोपट होता. दुसऱ्यातला नैनपूरला गाडी बदलताना उडाला. मंदाबाईंची आई येथे जुन्या वस्तीत असते, थकली आहे, म्हणून त्यांनी खटपट करून हिंगणघाट मागून घेतले. आईच्या खोलीत एवढी माणसे मावत नाहीत. मला स्थगिती मिळाली असे मी त्यांना सांगितले. ते टांग्याच्या पायरीवर बसले. म्हणाले, "म्हंजे मी कोठी जाऊ आता? तिकडून सुटलो, इकडं लागलो नाई. मी हावो तरी का कोठी?"

मी त्यांना घरी घेऊन आलो. दुसरे काही सुचले नाही. सध्या ते येथेच आहेत. या घरात चार मुले एकदम कधी नव्हती. कचेरीत खुर्ची एक आहे. सकाळी मी बसतो, दुपारी ते. तपासणीला दोघे जातो, त्यामुळे व्यापारी फार घाबरले आहेत. एकच वजन दोनदा तोलले जाते.

मंदाबाई पहिल्या दिवशी मला काही विचारणार होत्या. शेजारच्या आनंदाबाईंनी त्यांना विहिरीवर गाठून सांगितले असावे, कारण त्या विचारता विचारता थांबल्या आणि मला आणखी एक भाकर वाढली.

तू मोठे काम केलेस. मला येथे राहता येईल असे वाटू लागले आहे.

कृष्णकांत


नागपूर, ता. ९ मार्च १९५४

ती. भाऊजींस सा. न. वि. वि.

हे पत्र बसून वाचा. तानबाजींची पाळी असली तर त्यांना उठवून बसा.

सरकारचं उत्तर आलं. त्यांचं म्हणणं एका ओळीचं आहे. बदली अर्जदाराने स्वतः मागितली. सोबत अर्जाची नक्कल आहे.

एक नाही, भाऊजी. सहा.

१९४८ पासून दरवर्षी जुलैत एक. दरवर्षी नवं गाव. खाली तुमची सही, 'कृ. वि. सबाने', आणि खात्याने ती पडताळून पाहिली आहे. वकिलांनी गठ्ठा माझ्यापुढं टाकला आणि विचारलं, "मुनशी, तुझा भाऊजी कसा मानूस हाय? चौथा परिच्छेद चार वेळा वाचून सही करून राह्यला होता." मी म्हटलं, दुःखात माणूस विसरतो. ते म्हणाले, अर्ज दुःखाच्या आधीचे आहेत.

आणि कसले अर्ज. तुमच्या खात्यात तेव्हा सगळा कारभार इंग्रजीत, आणि हे मराठीत. टाइप केलेल्या नकला पाठवतो. थोडं इथं उतरवतो, कारण मला राहवत नाही.

पहिला, पचमढीसाठी: 'अर्जदाराने आजवर डोंगर पाहिलेला नाही. त्याने तो पाहावा असे घरच्यांचे मत आहे.'

तिसरा, बिलासपूरसाठी: 'तेथे जाण्यास रात्रभर गाडीत बसावे लागते असे वेळापत्रकात दिले आहे. अर्जदार रात्रभर गाडीत कधी बसलेला नाही. बसल्यास त्याच्या कामात फरक पडेल.'

चौथा, जगदलपूरसाठी: 'तेथे जाण्यास कोणी तयार नसते असे ऐकतो. तरी यात सरकारचीही सोय आहे.'

पाचव्यात गाव लिहिलेलंच नाही. 'सरकारला बरे वाटेल तेथे, परंतु झाडे असावीत.' नकलेखाली टीप आहे की त्यावर कोणा साहेबाने पेन्सिलीने प्रश्नचिन्ह काढलं आहे.

आणि सहावा, मंडल्याचा, ता. २ जुलै १९५३: 'नर्मदा या गावाला तीन बाजूंनी वळसा घालते. अर्जदाराला वजने सोडून दुसरे काही पाहण्याची गरज आहे. आधीच्या पाच अर्जांचे उत्तर आलेले नाही, याबद्दल तक्रार नाही, परंतु सहाव्याचे यावे. अर्जदार एकदा बसला की आपण होऊन उठत नाही. तरी सरकारने उठवावे ही विनंती.'

भाऊजी, हे तुम्ही लिहिलं असेल तर मी तुम्हाला इतकी वर्षं ओळखलंच नाही. लिहिलं नसेल तर लवकर कळवा. सुनावणी २९ तारखेला आहे, आणि खोट्या प्रतिज्ञापत्राला हायकोर्ट हसत नाही.

माधव


हिंगणघाट, ता. १२ मार्च १९५४

चि. माधव यास अनेक आशीर्वाद.

नकला मिळाल्या. सर्व अर्ज तुझ्या सुमतीताईने लिहिलेले आहेत. सह्या माझ्या आहेत.

हे कसे झाले ते सांगतो. महिन्याच्या पहिल्या रविवारी, जेवण झाल्यावर, ती घरचे सर्व कागद माझ्यापुढे ठेवत असे. धान्याचे कार्ड, घरमालकाची चिठ्ठी, तुम्हाला लिहिलेली पत्रे. कोठे सही करायची तेथे तिचे बोट असे. मी बोटाशेजारी सही करत असे. मी आठवडाभर कचेरीत प्रत्येक कागद तीनदा वाचतो. घरी मी एकही वाचला नाही. अठरा वर्षांत एकही नाही. कोणी विचारले असते तर यात काही विशेष आहे असे मला वाटले नसते.

ती फसवत नव्हती. एकदा, पावसाळ्याचे दिवस होते, ती बोट ठेवून म्हणाली, "आज वाचून त पाहा." मी विचारले, "तू वाचलं ना?" ती म्हणाली, "मी वाचलं." मी म्हटले, "मग झालं." ती तोंडाला पदर लावून आत गेली. मला वाटले, कढई लागली असेल.

आणखी एक आठवते. दरवर्षी जुलै-ऑगस्टात ती टपालवाल्याला चहा पाजत असे.

नकला मी मोठ्याने वाचल्या नाहीत, परंतु तानबाजींनी माझ्या हातातून घेतल्या आणि वाचल्या. 'झाडे असावीत' येथे आल्यावर त्यांना वाटले, खात्याने त्यांचीच चौकशी चालवली आहे. झाडे हे त्यांचे आडनाव, तेव्हा झाडे असावीत म्हणजे आपण तेथेच असावे, असे काही. मंदाबाईंनी समजावून सांगितल्यावर ते हसू लागले आणि मग चारही मुले कारण न विचारता हसू लागली. मीही हसलो. सप्टेंबरनंतर प्रथमच, असे आनंदाबाई भिंतीपलीकडून म्हणाल्या. मला ऐकू येईल असे त्यांना वाटले नसावे.

तेव्हा माझे प्रतिज्ञापत्र चूक आहे. शिक्षा काय होते ते कळव. आणि मूळ अर्ज कोर्टात पाहायला मिळतात काय, तेही विचार. टाइपमध्ये अक्षर दिसत नाही.

कृष्णकांत


नागपूर, ता. १५ मार्च १९५४

ती. भाऊजींस सा. न. वि. वि.

तुमचं पत्र आईला वाचून दाखवलं. ती आधी हसली, मग रडली, मग मला म्हणाली, "तिनं सातवीत असताना हेडमास्तरीन बाईले अर्ज लिवला होता का शाळेची सहल रामटेकले न्यावी, इथं बसून भूगोल येत नाई." तो मंजूर झाला नव्हता. म्हणजे ताईचे एकूण सात.

आणि मीही गुन्ह्यात आहे. दरवर्षी ती माझ्याकडून रेल्वेचं जुनं वेळापत्रक मागवून घ्यायची. मी समजत होतो, चुलीला लागत असेल. भाऊजी, ती ते वाचत होती.

आता कामाचं. वकील दोन दिवस कायद्याची पुस्तकं चाळत होते. आज सकाळी धोतराचा सोगा हातात धरून धावत बाहेर आले. म्हणाले, सापडलं. पत्नीने नवऱ्याची सही मजकूर लपवून, फसवून घेतली. अशा सहीचा अर्ज कायद्याने अर्जच नाही. म्हणजे तुम्ही अर्ज केलेला नाही, म्हणजे चौथा परिच्छेद खरा, म्हणजे जिल्ह्याबाहेर बदली होत नाही. ते म्हणतात, रुपयात चौदा आणे आपण जिंकतो. एकदा निकाल लागला की तुम्हाला पेन्शनीपर्यंत हिंगणघाटातून कोणी हलवू शकणार नाही.

मात्र 'फसवून' हा शब्द तुम्ही शपथेवर लिहून द्यायला हवा. ताई तर आता उत्तर द्यायला येणार नाही, असं वकील म्हणाले. मी त्यांचा मुनशी आहे म्हणून गप्प बसलो.

दुसरा रस्ता असा की खरं ते सांगायचं. मग अर्ज खरे ठरतात आणि तुम्हाला मंडल्याला जावं लागतं. शिक्षेची भीती नको. चूक आपण होऊन सांगितली तर कोर्ट सोडून देईल, असं वकील म्हणतात.

मूळ अर्ज कोर्टाच्या फायलीत आहेत. मी कारकुनाला पान खाऊ घालून पाहून आलो. अक्षर तिचंच. 'नर्मदा' लिहिताना शाई फुटली आहे.

काय करायचं ते तुम्ही सांगा. मी यावेळी काही म्हणणार नाही. घरात सगळे विचारून राहिले आहेत की माधवची तब्येत बरी आहे ना.

माधव


हिंगणघाट, ता. २४ मार्च १९५४

चि. माधव यास अनेक आशीर्वाद.

उत्तरास उशीर झाला. आठ दिवस नकला पुन्हा पुन्हा वाचत होतो.

तानबाजींनी मला काही सांगितले नाही. मी जिंकलो तर त्यांना चार मुलांसह मंडल्याला परत जावे लागेल, हे त्यांना ठाऊक आहे. एकदाच म्हणाले, "साहेब, तुमी जिंका. खरंच जिंका. मी पोपटाले सांगून ठेवलं हाय, सामान सोडू नको." त्यांच्यासाठी मी काही ठरवले असे मात्र समजू नकोस. तसे म्हणणे सोपे होते.

येथे मला काही सांगावे लागत नाही म्हणून मी येथे राहू इच्छित होतो. परंतु राहण्यासाठी जे सांगावे लागेल ते तिच्याविरुद्ध आहे. तो शब्द मी लिहिणार नाही.

सोबत नवे प्रतिज्ञापत्र आहे. मी स्वतः लिहिले आहे. वकीलसाहेबांनी त्यात बदल करू नये. सुनावणीला मी येत नाही. त्या दिवशी वायगावच्या बाजारात तपासणी लागली आहे.

कृष्णकांत


नागपूर, ता. ३० मार्च १९५४

ती. भाऊजींस सा. न. वि. वि.

तुम्ही वायगावला वजनं तोलत होता तेव्हा इथं काय झालं ते ऐका.

आमचा नंबर साडेबाराला लागला. उन्हामुळं कोर्ट कंटाळलेलं. दोन जज्जसाहेब. मोठ्यांना मराठी उत्तम येते. सरकारी वकील उठले आणि म्हणाले, अर्जदाराने सहा वेळा बदली मागितली आहे, आणि पहिला अर्ज वाचायला लागले. जज्जसाहेब म्हणाले, थांबा, मला द्या. मग ते स्वतः वाचू लागले. मनात. मधेच त्यांचे खांदे हलले. त्यांनी कागद धाकट्या साहेबांकडे सरकवला आणि जगदलपूरवर बोट ठेवलं. धाकट्यांना मराठी येत नाही, म्हणून मोठ्यांनी कानात भाषांतर केलं. धाकट्यांनी पेला तोंडाला लावला होता. पाणी फायलीवर सांडलं. पट्टेवाला फडका घेऊन धावला. मागच्या बाकावरचे वकील उठून पुढं येऊ लागले. दुसऱ्या कोर्टातलेही आले. सरकारी वकील एकटे गंभीर उभे होते, कारण जिंकत होते.

शेवटी जज्जसाहेब आमच्या वकिलांना म्हणाले, यावर अर्जदाराचं काय म्हणणं आहे? प्रभाकररावांनी नव्या कोटाच्या खिशातून तुमचं प्रतिज्ञापत्र काढलं. 'फसवून' वाला मसुदा त्यांनी सकाळी माझ्यासमोर फाडला होता. म्हणाले, "चौदा आने गेले, मुनशी." आणि वाचलं:

'सहाही अर्ज माझ्या पत्नीने लिहिले. सह्या माझ्या आहेत. सही करताना मी ते वाचले नव्हते, म्हणून आधीचे प्रतिज्ञापत्र चुकीचे झाले, त्याबद्दल क्षमा असावी. माझी पत्नी १६ सप्टेंबर १९५३ रोजी वारली. आता मी अर्ज वाचले आहेत. ते मला मंजूर आहेत.'

मोठ्या साहेबांनी मूळ सहावा अर्ज मागवला. चष्मा काढून पाहिला. म्हणाले, अक्षर चांगलं आहे. मग निकाल सांगितला. बदलीविरुद्धचा अर्ज मागे घेतला असे समजून तो काढून टाकण्यात येतो. खर्च कोणावर नाही. हजर होण्यास १४ एप्रिलपर्यंत मुदत. आणि मूळ अर्ज काम संपल्यावर अर्जदारास परत द्यावेत. ते आता माझ्याकडे आहेत. रजिस्टरने पाठवतो. वाटेत भिजू नयेत म्हणून आईने मेणकापड शिवलं आहे.

आपण हरलो, भाऊजी. बाररूममध्ये मला चार जणांनी चहा पाजला.

माधव


मंडला, ता. १३ एप्रिल १९५४

चि. माधव यास अनेक आशीर्वाद.

आज मंगळवार. पहाटे नैनपूरला गाडी बदलली. नऊ वाजता मंडल्याला उतरलो. रात्रभर जागा होतो. बाकावर बसायला जागा चांगली मिळाली. चांदणे होते, त्यामुळे बाहेर पाहता आले. झाडे पुष्कळ आहेत.

हिंगणघाटला दुसरा निरोप झाला नाही. अध्यक्ष म्हणाले, पहिलाच धरून घ्या. तानबाजींनी घर घेतले आहे. खुर्ची आता त्यांना दिवसभर मिळेल. पितळेची भांडी मंदाबाईंना वापरायला दिली. पेटी मी सोबत आणली. मेणकापडाचे पाकीट त्यात आहे.

येथे स्टेशनाजवळच्या गल्लीत एक खोली पाहिली. मालकीणबाई वयस्कर आहेत. त्यांनी भाडे सांगितले, विहीर दाखवली आणि विचारले, "घरवाली कब आएगी?" मी म्हणालो, "वो नहीं आएगी. सितंबर में गुज़र गई." हे वाक्य मी मराठीत आजवर कोणाला बोललेलो नाही. कोर्टाला लिहून दिले तेवढेच. हिंदीत ते बोलता आले. कदाचित त्या भाषेत मी कमी वेळा चुकलो असेन किंवा चूक झाली तरी कळत नसेल. त्या म्हणाल्या, "बैठो." मी ओट्यावर बसलो. त्यांनी पाणी आणले आणि विचारले, नाव काय होते. मी सांगितले. मग कशी होती असे विचारले. यावर मी पुष्कळ बोललो. किती ते सांगता येणार नाही, पण ऊन ओट्यावरून सरकून विहिरीपर्यंत गेले. पचमढी आणि जगदलपूर सांगितल्यावर त्यांनी आतून सुनेला बोलावले आणि मला पुन्हा पहिल्यापासून सांगायला लावले. दोघी फार हसल्या. सून म्हणाली, "भाईसाब, और सुनाओ."

खोली घेतली.

दुपारी नदीवर गेलो. तीन बाजूंनी आहे हे खरे आहे. मी एका बाजूने सुरुवात केली आणि दुसरीपर्यंत गेलो. तिसरी रविवारी पाहीन.

येताना बाजारातून एक वांगे घेतले. वजन थोडे कमी वाटले. परंतु मी उद्या हजर होणार, म्हणून आज काही बोललो नाही.

आईंना सांग की पाकीट कोरडे आहे. वकीलसाहेबांना नमस्कार.

संध्याकाळचे सहा वाजले आहेत. मालकीणबाईंनी शेगडी आणि चार कोळसे दिले, ते पेटले आहेत. आता वांगे चिरतो. एकच आहे, परंतु मोठे आहे.

कृष्णकांत